आजोबांच्या दहाव्याला पिंडाला कावळा शिवला नाही. त्यांची इच्छा खरंच मागे राहिली असेल का? मेल्यावर माणसाचं नेमकं काय होतं?

मेल्यावर काय होतं हे कठोपनिषदातल्या नचिकेता नावाच्या मुलाने साक्षात यमालाच विचारलं होतं. यम म्हणाला, देवांनाही याबद्दल शंका होती; हत्ती, घोडे, सोनं काय हवं ते माग, हे सोडून. शेवटी त्याने आत्मा अमर आहे असं सांगितलं. परलोक न मानणारे चार्वाक म्हणाले, राख झालेला देह परत येत नाही. तुम्हाला पटेल ते माना. कावळ्याबद्दल मात्र मी ठामपणे सांगते.

माझ्या आईचा दहावा कृष्णाकाठी घाटावर झाला. भावाने पिंड मांडले, शेजारी तिच्या आवडीची कोथिंबीरवडी ठेवली. सकाळपासून तिथे आणखी दहावे उरकले होते, कावळे पोटभर खाऊन पिंपळावर बसलेले. त्यात आम्ही सगळे पिंडाभोवती कोंडाळं करून उभे. कावळा येणार कुठून? एकेक जण हात जोडून बोलू लागला. "नातवाची मुंज थाटात करू." "देवघराचं सगळं सांभाळू." नाहीच. मग काका सगळ्यांसमोर मला म्हणाले, "वहिनीचा जीव घरात अडकलाय. भावाला घर सोडते म्हण, बघ लगेच शिवतो."

घर आईच्या नावावर होतं. शेवटच्या आजारपणात तिचं अंघोळ-औषध सगळं मी केलं, वाटणीचा शब्दही तिने कधी काढला नाही. भाऊ मान खाली घालून गप्प. मी म्हणाले, "काका, आईला सांगायचं असतं तर ती मला सांगून गेली असती." आणि मागे सरकले. गुरुजींनी दर्भाचा कावळा करून पिंडाला लावला, विधी पुरा झाला. जीव खरंच अडकत असता तर ही सोय ठेवली असती का?

तेरा दिवसांत घर-जमिनीबद्दल कुणालाही शब्द देऊ नका, मुलींनी तर नाहीच. आईने मृत्युपत्र केलं नसेल तर तिच्या मालमत्तेत मुलगा-मुलगी दोघांना सारखा वाटा आहे, १९५६ च्या हिंदू उत्तराधिकार कायद्याने. हक्कसोडपत्र नोंदवावं लागतं, घाटावरच्या बोलण्याने हक्क जात नाही. पण चारचौघांत एकदा बोललात की पुढे सही नाकारणं जड जातं. काकांना हे पक्कं ठाऊक होतं.

सगळीच घरं अशी नसतात, हेही खरं. काहींना तिथे मनातलं बोलून मोकळं वाटतं. मीसुद्धा पितृपक्षात आईसाठी गच्चीवर पान ठेवते.

तुमच्या घाटावर कुणी काय कबूल करायला लावलं, ते तुम्ही लिहिलं नाहीत. आजी असतील तर त्यांना विचारा, आजोबांच्या मनात काय होतं ते त्याच सांगू शकतील.