शब्दाचा प्रत्यय होतो तेव्हा : वाचकांचे प्रश्न

व्याकरणातील प्रत्यय, अव्यये आणि साहाय्यक क्रियापदे मुळात कोठून आली, या प्रश्नाभोवती फिरणारी काही पत्रे या वेळी आली आहेत. पत्रे वेगवेगळ्या वाचकांची असली तरी उत्तरे एकमेकांत गुंतलेली आहेत, म्हणून ती सलग वाचावीत.

प्रश्न : ‘पावसामुळे सामना रद्द झाला’ या वाक्यातील ‘मुळे’ आणि झाडाचे ‘मूळ’ यांचा काही संबंध आहे का? असल्यास नामाचे अव्यय कसे झाले?

संबंध आहे आणि तो अगदी थेट आहे. ‘मुळे’ हे ‘मूळ’ या नामाचेच जुने विभक्तिरूप. मूळ म्हणजे झाडाचा जमिनीखालचा भाग. त्यावरून ‘ज्यातून एखादी गोष्ट उगवते ते’ असा अर्थ निघाला आणि पुढे उगवण्याचे चित्र पुसट होऊन नुसते ‘कारण’ उरले. दोन्ही अवस्था एकाच शब्दात पाहायच्या असतील तर ‘झाडाच्या मुळांमुळे भिंतीला तडा गेला’ हे वाक्य घ्यावे. ‘मुळांमुळे’ यातील पहिले मूळ अजून धडधाकट नाम आहे. त्याचे अनेकवचन झाले आहे, त्याला ‘जाड’ किंवा ‘खोल’ असे विशेषण लावता येते आणि ‘झाडाच्या’ या षष्ठीशी त्याचे नाते आहे. दुसऱ्या मुळाने यातले सगळे गमावले आहे. त्याला वचन नाही, विशेषण नाही, एकटे उभे राहण्याची सोय नाही. मात्र त्या बदल्यात ते कोणत्याही नामाला, सर्वनामाला, इतकेच काय, ‘उशीर झाल्यामुळे’ यासारख्या रचनेत कृदंतालाही लागू शकते. ‘त्यामुळे’ हे तर आणखी पुढे जाऊन दोन वाक्ये जोडणारे अव्यय झाले आहे.

नाम या वाटेवर कितपत पुढे गेले आहे हे ओळखण्याची एक सोपी खूण मराठीत आहे, ती म्हणजे मधला ‘च्या’. ‘निवडणुकीच्या तोंडावर’ असेच म्हणावे लागते, ‘निवडणुकीतोंडावर’ असे कोणी म्हणत नाही. म्हणजे ‘तोंडावर’ याचा अर्थ ‘अगदी अगोदर’ असा झालेला असला तरी व्याकरणाच्या दृष्टीने ते अजून नामच आहे. ‘झाडाच्या मागे’ आणि ‘झाडामागे’ ही दोन्ही रूपे चालतात, तेव्हा ‘मागे’ मधल्या टप्प्यावर आहे. ‘पावसाच्या मुळे’ मात्र आज कोणी लिहिणार नाही. ‘कड’ म्हणजे बाजू यावरून आलेले ‘कडे’ आणि ‘पोट’ यावरून आलेले ‘रागापोटी’तले ‘पोटी’ हे याच रांगेतले. त्यातही ‘पोटी’ची गंमत अशी की ‘तिच्या पोटी मुलगी जन्मली’ या वाक्यात शरीराचा अर्थ शाबूत आहे आणि ‘रागापोटी’ यात तो नावालाही उरलेला नाही.

हा प्रवास आपल्या डोळ्यांदेखत चालू असल्याचे उदाहरण हवे असेल तर वर्तमानपत्रांतला ‘वेळी’ पाहावा. ‘बैठकीच्या वेळी’ हे जुने वळण. ‘बैठकीवेळी’, ‘मतदानावेळी’ ही रूपे आता सर्रास छापली जातात. काही वाचकांना ती खटकतात. मला ती खटकत नाहीत, कारण ‘वेळ’ हे नाम ‘मूळ’ ज्या वाटेने गेले त्याच वाटेने निघाले आहे. मात्र लिहिताना दोहोंतले एक काहीतरी लिहावे. ‘बैठकी वेळी’ असे सामान्यरूप करून तोडून लिहिणे चूकच आहे.

प्रश्न : परक्या भाषांतून शब्द येतात हे मान्य, पण व्याकरणही उसने घेता येते का?

प्रत्यय जसाच्या तसा उचलणे तुलनेने दुर्मीळ. नाम उसने घेऊन त्याचे अव्यय करणे मात्र सोपे असते आणि मराठीने ते भरपूर केले आहे. ‘बद्दल’ हा मूळचा अरबी शब्द, अर्थ ‘मोबदला’ किंवा ‘बदली’. ‘मदतीबद्दल बक्षीस’ यात तो अर्थ अजून चाचपडता येतो; ‘त्याच्याबद्दल बोलू नकोस’ यात तो उडून गेला आहे. ‘मार्फत’ या शब्दाचा मूळ अर्थ ‘ओळख, ज्ञान’. ओळखीच्या माणसाकडून काम होते, म्हणून तो ‘द्वारा’ या अर्थापर्यंत आला असावा. ‘ऐवजी’, ‘शिवाय’, ‘दरम्यान’ हेही फारसी-अरबीकडूनच आलेले. आज यांना परके म्हणणाऱ्याला त्यांच्यावाचून एक परिच्छेद लिहिणे जड जाईल.

प्रश्न : ‘पत्र लिहून टाक’ असे आपण म्हणतो. यात काय टाकायचे असते?

काहीच नाही, आणि या प्रश्नाचा सगळा रस तिथेच आहे. ‘टाकून दे’ आणि ‘देऊन टाक’ ही दोन वाक्ये शेजारी शेजारी ठेवून पाहा. पहिल्यात वस्तू खरोखर टाकायची आहे, पण कोणाला काही द्यायचे नाही. दुसऱ्यात वस्तू खरोखर द्यायची आहे, पण काही टाकायचे नाही. क्रियापदे तीच दोन. जे आधी येते ते आपला अर्थ राखते आणि जे नंतर येते ते फक्त क्रिया कशी घडावी हे सांगते. ‘टाकणे’ तेथे ‘एकदाचे उरकून मोकळे होणे’ ही छटा देते, ‘ठेवणे’ पुढच्या सोयीसाठी आधीच केल्याची (‘सांगून ठेव’), ‘बसणे’ नको ते करून ठेवल्याची (‘कबूल करून बसला’), तर ‘पाहणे’ किंवा ‘बघणे’ प्रयत्नाची (‘विचारून बघ’).

या छटा मूळ अर्थापासून तुटलेल्या नाहीत, फक्त विरळ झाल्या आहेत. टाकलेली वस्तू आपल्या हातून सुटते, ठेवलेली वस्तू नंतर सापडते, बसलेला माणूस चटकन उठत नाही. मूळ शब्दाचा स्वभाव नव्या कामातही असा दिसत राहतो, म्हणूनच ‘विसरून टाक’ म्हणता येते, पण ‘चुकून विसरून टाकले’ हे कानाला बरे वाटत नाही. टाकण्यात जाणूनबुजून केल्याचा अंश आहे, आणि अनवधानाने घडलेल्या गोष्टीसाठी आपण ‘विसरून गेलो’ असेच म्हणतो.

हे मराठीपुरतेच आहे असे मात्र समजू नये. कन्नड आणि तमिळमध्ये ‘करून बघ’ हीच रचना प्रयत्नासाठी आहे, आणि त्यांना आपले शेजारी म्हणून सोडून दिले तरी जपानीचे काय करायचे? जपानीत मुख्य क्रियापदानंतर ‘मिरु’ म्हणजे पाहणे आले की ‘करून पाहणे’ असा अर्थ होतो आणि ‘ओकु’ म्हणजे ठेवणे आले की ‘आधीच करून ठेवणे’. मराठी आणि जपानी यांचे कुळ एक नाही, त्यांचा असा शेजारही कधी नव्हता. पाहणे आणि ठेवणे या क्रियांचा माणसाच्या अनुभवात जो अर्थ आहे तो सगळीकडे सारखाच असल्यामुळे दोन्ही भाषा स्वतंत्रपणे एकाच ठिकाणी पोचल्या.

प्रश्न : ‘म्हणे’, ‘म्हणून’ आणि ‘म्हणजे’ हे तिन्ही शब्द ‘म्हणणे’ यावरूनच आले आहेत का?

होय, आणि एका क्रियापदाला इतकी कामे लागलेली पाहून थक्क व्हायला होते. ‘म्हणून’ याचा साधा अर्थ ‘असे बोलून’. ‘पाऊस होता म्हणून थांबलो’ या वाक्यात कोणी काही बोललेले नाही, तरी वाक्याची घडण ‘पाऊस होता असे मनाशी म्हणून थांबलो’ अशीच आहे. बोलण्यावरून विचाराकडे आणि विचारावरून कारणाकडे जाण्याचा मार्ग त्यातून स्पष्ट दिसतो. ‘येतो म्हणून म्हणाला आणि आलाच नाही’ यात ‘म्हण’ हा धातू दोनदा येऊनही पुनरुक्ती वाटत नाही, कारण पहिल्याचा आता बोलण्याशी संबंध उरलेला नाही. तो फक्त उद्गार कोठे संपला हे दाखवतो. कन्नडमधील ‘एंदु’ आणि तेलुगूमधील ‘अनि’ हेही ‘म्हणणे’ या अर्थाच्या क्रियापदांवरूनच बनले आहेत आणि नेमके हेच काम करतात.

‘म्हणे’ हे मला या तिघांत सर्वांत रोचक वाटते. जुन्या मराठीत ते सरळ वर्तमानकाळाचे रूप होते. सतराव्या शतकातल्या ‘तुका म्हणे’ याचा अर्थ ‘तुका म्हणतो’. पुढे हे रूप वर्तमानकाळातून हटले आणि ‘आजी रोज गोष्ट सांगे’ यासारख्या रीतिभूतकाळात राहिले. पण ‘उद्या सुट्टी आहे म्हणे’ यातील ‘म्हणे’ कोणत्याच काळाचे नाही. त्याला कर्ता नाही, त्याचे लिंग-वचन बदलत नाही. ‘ही माहिती मी ऐकली आहे, तिची खात्री माझ्याकडे मागू नका’ एवढेच ते सांगते. लॅटिन अमेरिकेतील स्पॅनिशमध्ये ‘म्हणतो की’ या अर्थाच्या दोन शब्दांचा मिळून ‘दिस्के’ असा एक शब्द झाला आहे आणि त्याचे कामही हेच आहे. ऐकीव गोष्टीपासून अविश्वासापर्यंत फार अंतर नसते, त्यामुळे वाक्याच्या आरंभी आलेले ‘म्हणे’ थेट उपहासाचे होते: ‘म्हणे मला वेळ नाही!’

‘म्हणजे’ हे ‘म्हटले जाते’ अशा अर्थाचे जुने कर्मणी रूप. त्याच साच्यातले ‘पाहिजे’ मूळचे ‘पाहिले जाते, शोधले जाते’ असे होते. जे शोधले जाते ते हवे असते, एवढ्या एका पायरीवरून तो शब्द गरजेचा आणि मग कर्तव्याचा वाचक झाला.

प्रश्न : या प्रक्रियेला काही नाव आहे का? ती कोणी शोधली?

मराठीत तिला ‘व्याकरणीकरण’ म्हणतात. फ्रेंच भाषाशास्त्रज्ञ आंत्वान मेये यांनी 1912 साली लिहिलेल्या एका लेखात ही संज्ञा वापरली आणि स्वतंत्र शब्दाला व्याकरणाचे काम लागणे हा भाषेत नवी रूपे निर्माण होण्याचा एक मुख्य मार्ग आहे असे मांडले. निरीक्षण त्याहून जुने आहे. प्रत्यय हे झिजलेले शब्द असावेत असा तर्क एकोणिसाव्या शतकाच्या आरंभीच फ्रान्झ बॉप आणि विल्हेल्म फॉन हुम्बोल्ट यांनी केला होता.

मेये यांच्या मातृभाषेत याची उदाहरणे विपुल आहेत. लॅटिनमधील ‘मेंते’ म्हणजे ‘मनाने’. ‘स्वच्छ मनाने’ अशा रचनांमधून तो शब्द विशेषणाला चिकटला आणि फ्रेंचमध्ये ‘माँ’, स्पॅनिशमध्ये ‘मेंते’ असा क्रियाविशेषणाचा प्रत्यय झाला, इतका की ज्याला मन नाही ते पाणीसुद्धा आता याच प्रत्ययाने ‘हळू’ वाहते. स्पॅनिशमध्ये अशी दोन क्रियाविशेषणे ‘आणि’ने जोडताना प्रत्यय फक्त दुसऱ्याला लावतात: ‘क्लारा इ लेंतामेंते’, म्हणजे ‘स्पष्टपणे आणि सावकाश’. एकेकाळी तो वेगळा शब्द होता याची एवढी खूण राहिली आहे.

फ्रेंच नकाराची कथाही अशीच आहे. ‘पा’ म्हणजे पाऊल. ‘एक पाऊलही चालत नाही’ असा जोर देण्यासाठी ते मूळच्या नकाराला, म्हणजे ‘न’ला, जोडले गेले, मग चालण्याशी संबंध नसलेल्या क्रियापदांनाही लागले, आणि आज रोजच्या बोलण्यात ‘न’ गळून एकटे ‘पा’ नकार दाखवते. जोर द्यायला आणलेला शब्द नेहमीचा झाला की त्याचा जोर संपतो आणि नवा शब्द शोधावा लागतो. नकाराच्या या फेऱ्याचे वर्णन ओटो येस्पर्सन यांनी 1917 साली केले, म्हणून त्याला त्यांचे नाव मिळाले. मराठीतही ‘तिळमात्र शंका नाही’, ‘काडीची अक्कल नाही’ अशी जोराची साधने आहेत, पण ‘नाही’ला हटवण्याइतकी मजल त्यांतल्या कोणी मारलेली नाही.

प्रश्न : उलट दिशेने, म्हणजे प्रत्ययाचा स्वतंत्र शब्द, असे कधी होते का?

होते, पण क्वचित. आयरिश भाषेत ‘आम्ही’ या कर्त्याचा क्रियापदाला लागणारा ‘मिद’ हा प्रत्यय सुटून ‘मुइद’ असे सर्वनाम झाले आहे. अशी उदाहरणे शोधून काढावी लागतात, पुढे जाणारी मात्र कोणत्याही भाषेत पावलोपावली सापडतात.

प्रश्न : ‘करतोय’, ‘आलाय’ ही रूपे आळसाने झालेला भाषेचा ऱ्हास आहे, असे आमचे ज्येष्ठ शिक्षक सांगत. आपले मत काय?

आदर ठेवून असहमत आहे. ‘करतो आहे’ यातील ‘आहे’ हे अस्तित्व सांगणारे क्रियापद. ते साहाय्यक झाले, वारंवार वापरले गेले आणि ‘य’ एवढेच उरले. या झिजण्यात गोंधळ कोठेही नाही. ‘करतो आहेस’चे ‘करतोयस’, ‘केले आहे’चे ‘केलंय’ अशी पुरुष, लिंग आणि वचन सांभाळणारी नीटस रूपावली तयार झाली आहे. आळसातून एवढी शिस्त येत नाही.

शिवाय ज्याला आपण शुद्ध रूप म्हणतो तेही याच मार्गाने आले आहे. ‘मुलाने पोथी वाचली’ या वाक्यात वाचणारा मुलगा, मग क्रियापद स्त्रीलिंगी का? कारण ‘वाचली’ हे मूळचे क्रियापद नव्हे, ते पोथीचे विशेषण होते. संस्कृतातील ‘बालकेन कथा पठिता’, म्हणजे ‘मुलाकडून कथा वाचलेली’, या रचनेतले भूतकाळवाचक विशेषण कालांतराने पूर्ण भूतकाळ झाले. विशेष्याशी असलेली त्याची जुनी सोयरीक मात्र सुटली नाही. कर्मणी प्रयोग म्हणून शाळेत आपण जो घोकतो तो या बदलाचाच उरलेला माग आहे.

राहिला लेखनाचा प्रश्न. संवाद, पत्रे, ललित लेखन यांत ‘करतोय’ निःसंकोच लिहावे. अर्ज, अहवाल आणि परीक्षेची उत्तरपत्रिका यांत ‘करत आहे’ लिहावे, कारण तेथे वाचणाऱ्याची तशी अपेक्षा असते. एकाच परिच्छेदात दोन्हींची सरमिसळ टाळावी आणि ‘करतो य’ असे तोडून तर कधीच लिहू नये.