जोहान्सबर्गमध्ये घर शोधण्यापूर्वी: सोन्याच्या शहरातील वस्त्यांविषयी

सँडटनमधील एका बँकेत नोकरी निश्चित झाली असून पत्नी आणि दहा वर्षांच्या मुलीसह आपण पुण्याहून जोहान्सबर्गला येण्याच्या तयारीत आहात. घर कोणत्या भागात घ्यावे, लेनेशिया हा भारतीयांचा भाग असल्याचे ऐकले आहे तर तेथे राहणे सोयीचे होईल का, आणि तेथील भारतीयांमध्ये आपल्याला आपलेपणा वाटेल का, असे आपण विचारले आहे. मी या शहरात बरीच वर्षे राहत आहे. भाडे, अंतर आणि सुरक्षा यांची माहिती आपल्याला कोणताही दलाल देईल. परंतु येथे कोणती वस्ती कोठे वसली आणि तेथे कोण राहू लागले, हे बहुतेक ठिकाणी राहणाऱ्यांनी स्वतः ठरवलेले नाही. ते आधी खाणींनी ठरवले आणि नंतर कायद्याने. हे समजून न घेता केलेली घराची निवड अर्ध्या माहितीवरची ठरते, म्हणून उत्तर थोडे विस्ताराने लिहीत आहे.

या ठिकाणी शहर वसावे असे दुसरे कोणतेही कारण नव्हते. समुद्र नाही, मोठी नदी नाही. समुद्रसपाटीपासून सुमारे 1,750 मीटर उंचीवरचे हे गवताळ पठार. 1886 मध्ये लांगलाख्ते या शेतावर सोन्याचा थर सापडला आणि त्याच वर्षी जवळच्या एका त्रिकोणी सरकारी जमिनीच्या तुकड्यावर गावाची आखणी झाली. दहा वर्षांनी, 1896 च्या शिरगणतीत, येथील लोकसंख्या लाखाच्या वर गेली होती. मात्र कॅलिफोर्नियातल्याप्रमाणे नदीच्या वाळूतून सोने वेचून एकट्यादुकट्याने श्रीमंत व्हावे, अशी स्थिती येथे फार काळ नव्हती. येथील सोने कठीण खडकात अतिशय विरळ पसरलेले आहे आणि त्याचा थर तिरका खोल उतरत जातो. ते काढायचे तर प्रचंड भांडवल, यंत्रे, 1890 पासून वापरात आलेली सायनाइडची प्रक्रिया आणि असंख्य मजूर लागत. सोन्याची किंमत खाणमालकांच्या हाती नव्हती; त्यामुळे नफा वाढवायचा तर मजुरी कमी ठेवणे हा त्यांचा मुख्य मार्ग झाला. या शहराच्या सामाजिक इतिहासातील बहुतेक गोष्टींचे मूळ या एका हिशेबात आहे, असे माझे मत आहे.

स्वस्त मजुरीसाठी मोझांबिक, बासुटोलँड (आजचे लेसोथो), ट्रान्सकाय अशा दूरच्या भागांतून पुरुषांना कंत्राटावर आणले जाई, खाणीलगतच्या बंदिस्त आवारांत, म्हणजे ‘कंपाउंड’मध्ये, ठेवले जाई आणि मुदत संपताच परत पाठवले जाई. बायकामुलांना सोबत आणण्याची मुभा नव्हती. इतक्या भाषांच्या माणसांना जमिनीखाली हुकूम समजावेत म्हणून फानागालो नावाची झुलूवर आधारलेली कामचलाऊ बोली वापरात आली. ब्रिटिश आणि डच वंशाचे बोअर यांच्यातील युद्धानंतर मजूर कमी पडले, तेव्हा 1904 पासून उत्तर चीनमधून सुमारे 63,000 मजूर आणले गेले आणि 1910 पर्यंत जवळजवळ सर्वांना परत धाडण्यात आले. आज येथे जी जुनी चिनी कुटुंबे आहेत, ती त्या मजुरांची वंशज नाहीत. त्यांचे पूर्वज दक्षिणेकडच्या कॅन्टन प्रांतातून स्वतःच्या खर्चाने आलेले दुकानदार होते, आणि या गल्लतीचा त्यांना आजही कंटाळा येतो.

गोऱ्यांचाही एकच समाज नव्हता. कॉर्नवॉलमधील अनुभवी खाणकामगार, लिथुआनियातून आलेले गरीब ज्यू, युद्धात शेती उद्ध्वस्त झालेले आफ्रिकानर (म्हणजे तेच बोअर) आणि वर टेकडीवर बंगले बांधणारे खाणसम्राट, असे त्याचे स्तर होते. डोर्नफोंटेनमध्ये 1906 चे सिनेगॉग अजून उभे आहे, आजूबाजूचे ज्यू मात्र केव्हाच उत्तरेकडे सरकले. 1922 मध्ये खाणमालकांनी काही कामांवर कमी मजुरीचे काळे कामगार घेण्याचे ठरवले, तेव्हा गोऱ्या कामगारांनी बंड केले. जगातील कामगारांनी गोऱ्या दक्षिण आफ्रिकेसाठी एक व्हावे, अशी त्यांची घोषणा होती. सरकारने ते बंड तोफा आणि विमाने वापरून मोडले. फोर्ड्सबर्गमधील ज्या चौकाभोवती ती लढाई झाली, त्याच्या आसपास आज आपल्याला उत्तम मसाले आणि मिठाई मिळेल.

आता भारतीयांविषयी. ट्रान्सवालच्या, म्हणजे जोहान्सबर्ग ज्या प्रदेशात होते त्याच्या, 1885 च्या तिसऱ्या कायद्याने आशियाई माणसाला नेमून दिलेल्या जागेबाहेर जमीन घेण्यास बंदी होती. त्यामुळे जोहान्सबर्गमध्ये ‘कुली लोकेशन’ या अपमानास्पद नावाची वस्ती तयार झाली. नगरपालिका तेथे रस्ते, दिवे, सफाई काहीच पुरवत नव्हती आणि मग तेथील घाणीचा दोष रहिवाशांना देत होती. मार्च 1904 मध्ये एका खाणीतून फुप्फुसाच्या प्लेगची लागण झालेले 23 भारतीय या वस्तीत परत आले. गांधीजींचे सहकारी मदनजित व्यावहारिक यांनी एका रिकाम्या घराचे कुलूप फोडून त्यांची सोय केली आणि तेव्हा येथे वकिली करणारे गांधीजी शुश्रूषेला धावून गेले. रुग्णांपैकी बहुतेक दगावले. त्यानंतर वस्ती रिकामी करण्यात आली. बँकेवर विश्वास नसलेल्या त्या लोकांनी आपली कमाई जमिनीत पुरून ठेवलेली होती. ती उकरून त्यांनी गांधीजींच्या हवाली केली. ही रक्कम सुमारे 60,000 पौंड भरली आणि प्लेगच्या भीतीने ती नाणी निर्जंतुक केल्यावरच बँकेत गेली. मग अग्निशामक दलाने सगळी वस्ती जाळून टाकली. रहिवाशांना तेरा मैलांवर क्लिपस्प्रुट येथे, मैलापाण्याच्या शेताशेजारी, हलवण्यात आले. पुढे ज्याला सोवेटो म्हणू लागले, त्या महावस्तीची सुरुवात या क्लिपस्प्रुटपासून झाली. जळालेल्या जागी न्यूटाउन वसले. तेथील 1913 च्या भारतीय फळबाजाराच्या इमारतीत 1976 पासून मार्केट थिएटर आहे.

येथून चालत जाण्याच्या अंतरावर हमीदिया मशीद आहे. 16 ऑगस्ट 1908 रोजी आशियाई लोकांच्या सक्तीच्या नोंदणीविरुद्धच्या सत्याग्रहात तिच्यासमोर दोन हजारांहून अधिक नोंदणीपत्रे एका मोठ्या तीनपायी लोखंडी कढईत घालून जाळण्यात आली. त्या कढईचे स्मारक तेथे उभे आहे. या लढ्यात तमिळ, गुजराती, मुसलमान, पारशी आणि लिऊंग क्विन यांच्या नेतृत्वाखालचे चिनी लोकही होते. तुरुंगात जाणाऱ्यांमध्ये थंबी नायडू आणि त्यांचे तमिळ सहकारी आघाडीवर होते, आणि त्यांची आठवण गांधीजींच्या मानाने फारच कमी काढली जाते, याचे मला वाईट वाटते. आपला म्हणून एक धागाही येथे आहे. 1912 मध्ये गोपाळ कृष्ण गोखले येथे आले, तेव्हा गांधीजींनी त्यांना भारतीय लोकांच्या सभेत मराठीत बोलण्याचा आग्रह केला, कारण शहरात कोकणी मुसलमान आणि काही महाराष्ट्रीय हिंदू होते आणि त्यांना गोखल्यांचे मराठी ऐकायचे होते. गांधीजींच्या मराठीच्या ज्ञानाची गोखल्यांनी थट्टा केली, पण विनंती मान्य केली. ते मराठीत बोलले आणि गांधीजींनी त्याचा अनुवाद केला. तेव्हा या शहराने मराठी आपण येण्याच्या कितीतरी आधी ऐकलेली आहे, हे मुलीला जरूर सांगावे.

आपल्या लेनेशियाच्या प्रश्नाचे उत्तर 1950 च्या, वर्णानुसार वस्त्या वेगळ्या करणाऱ्या ‘ग्रुप एरियाज’ कायद्यात आहे. त्याआधी शहरात काही मिश्र वस्त्या टिकून होत्या. सोफियाटाउनमध्ये काळ्या लोकांना स्वतःच्या नावावर घर घेता येत असे. फेब्रुवारी 1955 मध्ये ट्रक आणि पोलिस आणून तेथील लोकांना सोवेटोकडे हलवण्यास सुरुवात झाली, घरे पाडली आणि नव्या गोऱ्या वस्तीला ‘ट्रायोम्फ’, म्हणजे विजय, असे नाव दिले. भारतीयांचे तसेच हक्काचे ठिकाण पेजव्ह्यू होते. त्याला सगळे फीताज म्हणतात. तेथील चौदाव्या रस्त्यावर खाली दुकान आणि वर किंवा मागे बिऱ्हाड, अशी रांग होती. कापड घ्यायला सगळ्या वर्णांचे गिऱ्हाईक येई. 1970 च्या दशकात ती रांग रिकामी करवली गेली. व्यापाऱ्यांसाठी ओरिएंटल प्लाझा बांधला, तेथील भाडे अनेकांना परवडले नाही, आणि राहण्यासाठी त्यांना शहरापासून तीस किलोमीटरवरच्या लेनेशियात पाठवले. मी ज्यांच्याकडून कापड घेते, ते वृद्ध गृहस्थ अजूनही बोटाने हवेत त्या रस्त्याचा नकाशा काढून दाखवतात: येथे वडिलांचे दुकान, समोर शिंपी, कोपऱ्यावर मशीद. त्यांची मुले लेनेशियात वाढली आणि तेथेच सुखाने राहतात, हेही ते सांगतात.

म्हणून लेनेशियाकडे ‘आपली माणसे राहतात ती जागा’ एवढ्याच नजरेने पाहू नये. सक्तीने वसवलेल्या त्या गावात लोकांनी शाळा, देवळे, मशिदी, दवाखाने आणि घट्ट शेजार उभा केला आहे. मात्र सँडटन तेथून चाळीस किलोमीटरहून अधिक दूर आहे आणि रोज सकाळी त्या रस्त्यावर गाड्या खोळंबलेल्या असतात. हे अंतर मुद्दाम राखलेले होते: खाणींचा पूर्व-पश्चिम पट्टा मध्ये, उत्तरेला गोऱ्यांची झाडीदार उपनगरे, दक्षिणेला काळे, मिश्रवर्णीय आणि भारतीय. कायदा 1991 मध्ये रद्द झाला, रस्ते आणि खाणींचे मातीचे पिवळे ढीग जागेवरच राहिले. पावसाळ्यापूर्वी, ऑगस्ट-सप्टेंबरमध्ये वारा सुटला की ती बारीक धूळ दक्षिणेकडच्या घरांत खिडक्या बंद असूनही शिरते आणि तव्यावरच्या भाकरीपर्यंत पोहोचते. उत्तरेकडे घर घेणाऱ्याला ती क्वचितच दिसते.

आपलेपणाविषयी एक सावधगिरी सांगते. येथील भारतीय वंशाची माणसे चौथ्या-पाचव्या पिढीची दक्षिण आफ्रिकन आहेत. घरात बहुतेक इंग्रजी बोलतात. त्यांना पहिल्याच भेटीत ‘मूळ गाव कोणते’ असे विचारू नये. फीताज किंवा फोर्ड्सबर्ग हेच त्यांचे गाव आहे. त्यांच्या पूर्वजांनी भोगलेल्या अन्यायाची भरपाई म्हणून नोकरी-व्यवसायात ज्या सवलती आहेत, त्या 1994 नंतर आलेल्या आपल्यासारख्यांना लागू नाहीत, आणि त्या आपल्याला नाहीत हे योग्यच आहे. नव्याने आलेल्या मराठी कुटुंबांचा मेळ गणपतीला आणि दिवाळीला जमतो. त्यात आपण जरूर यावे. पण केवळ त्यातच राहिलात तर हे शहर आपल्याला कुंपणाच्या भिंतीपलीकडून दिसेल.

स्थलांतरितांचे हे शहर अजूनही नवी माणसे घेत आहे. सायरिलडीनमध्ये नवी चिनी पेठ आहे, मेफेअरमध्ये सोमाली, जेपे भागात इथिओपियन व्यापारी आहेत. त्यांच्याविषयीचा रागही खरा आहे: मे 2008 मध्ये अलेक्झांड्रा वस्तीतून सुरू झालेल्या परदेशीयांविरुद्धच्या दंगलीत देशभर 62 माणसे मारली गेली. अलेक्झांड्रा आपल्या कार्यालयापासून काही मिनिटांवर आहे. एका बाजूला अतिशय महाग इमारती आणि दुसऱ्या बाजूला पत्र्यांच्या खोल्या, हे दृश्य आपण रोज पाहणार आहात.

माझा सल्ला असा आहे. पहिले वर्ष भाड्याने राहावे, आणि गौट्रेन या जलद रेल्वेच्या स्थानकाजवळ, रोझबँक किंवा त्याच्या आसपास घर पाहावे. तेथून कार्यालयही जवळ आणि जुने शहरही. विकत घेण्याची घाई करू नये. पहिल्या महिन्यातच कॉन्स्टिट्यूशन हिल पाहावे. गांधीजी आणि मंडेला दोघांनाही जेथे कोंडले होते, त्या तुरुंगाच्या विटा वापरून सर्वोच्च घटनात्मक न्यायालय बांधले आहे. न्यूटाउन आणि फोर्ड्सबर्ग माहीतगार माणसाबरोबर दिवसा पायी फिरावे. शाळेचे वर्ष जानेवारीत सुरू होते, त्यामुळे प्रवेशासाठी आदल्या वर्षीच अर्ज करावा लागतो. बऱ्याच शाळांत दुसरी भाषा म्हणून आफ्रिकान्स किंवा झुलू निवडता येते. परदेशी कुटुंबे सोपी म्हणून बहुधा आफ्रिकान्स घेतात. आपण मुलीला झुलू घेऊ द्यावी. घरकामाला येणाऱ्या मावशींशी, इमारतीच्या पहारेकऱ्याशी आणि वर्गातल्या निम्म्या मुलांच्या आज्यांशी ती त्यांच्या भाषेत बोलू शकेल.