वाचकांचे प्रश्न: डाव रंगात आला आणि गेम बंद पडला

या वेळी स्ट्रॅटेजी गेम क्रॅश होण्याच्या तक्रारी एकत्र घेतल्या आहेत. रॅम किती आणि ग्राफिक्स कार्ड कोणतं हे सगळे न चुकता लिहितात. त्याहून कामाची गोष्ट मात्र बहुतेक पत्रांत नसते: गेम दर वेळी त्याच जागी बंद पडतो, की कधीही आणि कुठेही? तोच सेव्ह, तीच खेळी आणि पुन्हा तिथेच क्रॅश, असं असेल तर दोष बहुधा गेमच्या फाइलींत, मॉडमध्ये (चाहत्यांनी बनवून गेममध्ये घातलेल्या भरीत) किंवा त्या सेव्हमध्ये असतो. आज दहा मिनिटांत, उद्या दोन तासांनी, परवा भलत्याच गेममध्ये, असं असेल तर मेमरी, प्रोसेसर, ड्रायव्हर आणि वीजपुरवठा यांच्याकडे बघायचं. पुढची उत्तरं याच फरकावर उभी आहेत.

प्र. स्टेलारिस खेळताना काहीही संदेश न येता थेट डेस्कटॉप दिसतो. सुमारे ४० मॉड टाकलेले आहेत. गेम काढून पुन्हा टाकला, तरी तेच. (पुणे)

उ. पुन्हा इन्स्टॉल करून फरक पडणार नव्हताच. मॉड, सेव्ह आणि सेटिंग गेमच्या फोल्डरबाहेर असतात, त्यामुळे जुना घोळ जसाच्या तसा परत येतो. गेमच्या मूळ फाइलींवर संशय असेल तर स्टीममध्ये (गेम विकणारं आणि सांभाळणारं ॲप) गेमच्या नावावर राइट क्लिक, प्रॉपर्टीज, इन्स्टॉल्ड फाइल्स आणि व्हेरिफाय एवढं पुरतं. बिघडलेल्या फाइली तेवढ्याच पुन्हा उतरतात.

विंडोज काही बोलत नाही असं वाटतं, पण नोंद करून ठेवतं. स्टार्टमध्ये इव्हेंट व्ह्यूअर शोधा. विंडोज लॉग्जखाली ॲप्लिकेशन उघडा आणि क्रॅशच्या वेळेची, ॲप्लिकेशन एरर या स्रोताची, १००० क्रमांकाची लाल नोंद बघा. तिच्यात दोन गोष्टी वाचायच्या: फॉल्टिंग मॉड्यूल आणि एक्सेप्शन कोड. मॉड्यूल म्हणून खुद्द गेमची एक्झी (गेम सुरू करणारी मुख्य) फाइल असेल तर गेम किंवा मॉड; ग्राफिक्स ड्रायव्हरची फाइल असेल तर आधी ड्रायव्हर. एनटीडीएलएल (विंडोजची स्वतःची फाइल) दिसलं तर विंडोज बिघडलं असा अर्थ काढू नका. चूक दुसरीकडे होते आणि गेम कोसळतो तो तिथे. सी००००००५ हा कोड सर्वांत जास्त दिसतो. प्रोग्रॅमने आपली नसलेली मेमरी वाचायचा किंवा लिहायचा प्रयत्न केला, एवढंच तो सांगतो. कोडवरून शोधत बसण्यापेक्षा मॉड्यूलच्या नावावरून शोधा.

मग डॉक्युमेंट्समध्ये पॅराडॉक्स इंटरॅक्टिव्ह, त्यात स्टेलारिस आणि त्यात लॉग्ज. तिथली एरर लॉग फाइल नोटपॅडमध्ये उघडा. मॉड नसतानाही तिच्यात बारीकसारीक तक्रारी असतात, म्हणून घाबरायचं नाही. शेवटच्या पंचवीस-तीस ओळी तेवढ्या वाचा. एखाद्या मॉडच्या फाइलचं नाव तिथे पुन्हा पुन्हा येत असेल तर पहिला संशयित तो.

तसं काही सापडलं नाही तर निम्म्याने काटा. लाँचरमध्ये नवा प्लेसेट (मॉडची यादी) करून २० मॉड चालू ठेवा. क्रॅश झाला तर दोषी त्यांत, नाही तर उरलेल्यांत. पुढे १०, मग ५. असं करत सहा फेऱ्यांच्या आत एकावर बोट ठेवता येतं. एकमेकांवर अवलंबून असलेले मॉड मात्र एकाच गटात ठेवा, नाहीतर नवाच क्रॅश तयार होईल. आणि ही चाचणी नव्या डावावर करा. चालू सेव्हमधून मॉड काढला की सेव्हला त्यातल्या गोष्टी सापडत नाहीत, आणि तेवढ्यानेही गेम कोसळू शकतो.

हे सगळं गेमचं नवं अपडेट आल्यावरच सुरू झालं असेल तर मॉड जुने पडले आहेत. हातातला डाव संपवायचा असेल तर स्टीमच्या प्रॉपर्टीजमध्ये बीटाज या भागात जाऊन स्टेलारिसची मागची आवृत्ती निवडता येते. त्याआधी सेव्ह गेम्स फोल्डरची एक प्रत बाजूला ठेवा.

प्र. नव्या पीसीत १६ जीबी रॅम आणि ८ जीबीचं ग्राफिक्स कार्ड आहे. तरी मेडिव्हल २: टोटल वॉर मोठ्या लढाईत बंद पडतो. लहान लढाया ठीक चालतात. रॅम वाढवू का? (कोल्हापूर)

उ. नको, पैसे वाया जातील. हा गेम २००६ सालचा, ३२ बिटचा आहे. विंडोज अशा प्रोग्रॅमला स्वतःच्या वापरासाठी २ जीबी एवढीच पत्त्यांची जागा देतं, मग पीसीत १६ जीबी असो की ६४.

त्यातही पूर्ण २ जीबी हाती लागत नाहीत. गेमला कधी कधी सलग मोठा तुकडा हवा असतो. तासभर खेळून मेमरीचे बारीक तुकडे झाले की एकूण जागा शिल्लक असूनही सलग जागा मिळत नाही, आणि गेम पडतो. म्हणून पहिली मोठी लढाई निभावते आणि तिसरी नाही. शिवाय डायरेक्टएक्स ९ च्या काळातले बरेच गेम टेक्स्चरची एक प्रत ग्राफिक्स कार्डात आणि दुसरी आपल्याच मेमरीत ठेवतात. कार्डात ८ जीबी असूनही टेक्स्चरचा दर्जा एक पायरी उतरवल्यावर क्रॅश थांबतो, त्याचं कारण हे.

आधी खात्री करा. टास्क मॅनेजरच्या डिटेल्समध्ये स्तंभांच्या नावांवर राइट क्लिक करून कमिट साइझ हा स्तंभ जोडा. लढाई लोड होताना आकडा दीड-पावणेदोन जीबीच्या पुढे जाऊन गेम पडत असेल तर निदान पक्कं.

उपाय म्हणजे गेमच्या एक्झी फाइलीवर लार्ज ॲड्रेस अवेअर ही खूण लावणं. ६४ बिट विंडोजवर अशा ३२ बिट प्रोग्रॅमला ४ जीबी मिळतात. एनटीकोअर यांचं फोर जीबी पॅच हे छोटं मोफत साधन तेच करतं. गेम बंद करा, साधन चालवा, एक्झी निवडा. ते मूळ फाइलची प्रत ठेवतं, तरी स्वतःची एक प्रत वेगळी ठेवावी हे बरं. किंगडम्सचे (याच गेमच्या विस्ताराचे) डाव खेळत असाल तर त्याच्या वेगळ्या एक्झीलाही पॅच करा. हे विसरून पॅच चालत नाही म्हणणारे पुष्कळ. स्टीममधून फाइली व्हेरिफाय केल्या की मूळ एक्झी परत येते आणि पॅच पुन्हा करावा लागतो. ऑनलाइन फसवणूकविरोधी यंत्रणा असलेल्या गेमवर हा प्रयोग करू नका.

तरीही पडला तर पलटणींचा आकार ह्यूजवरून लार्जवर आणा. ४ जीबीदेखील संपतात.

प्र. सिटीज: स्कायलाइन्स लोड होताना मेमरी संपल्याचा संदेश येतो. रॅम ३२ जीबी आहे. एसएसडी टिकावा म्हणून पेजफाइल बंद केली आहे. (ठाणे)

उ. कारण तुम्हीच लिहिलं आहे. विंडोज सगळ्या प्रोग्रॅमना मिळून जितकी मेमरी कबूल करू शकतं, ती मर्यादा म्हणजे रॅम अधिक पेजफाइल (मेमरीला जोड म्हणून ड्राइव्हवर राखलेली फाइल). प्रोग्रॅम मागतात जास्त, वापरतात कमी. पण मागणी मर्यादेला टेकली की रॅम मोकळी दिसत असतानाही नकार मिळतो. टास्क मॅनेजरमध्ये परफॉर्मन्स, मग मेमरी. तिथे कमिटेडखाली दोन आकडे दिसतात. पहिला दुसऱ्याला भिडला की क्रॅश.

स्टार्टमध्ये सिस्डीएम डॉट सीपीएल चालवा. ॲडव्हान्स्ड, परफॉर्मन्स सेटिंग्ज, पुन्हा ॲडव्हान्स्ड, व्हर्च्युअल मेमरी, चेंज. ऑटोमॅटिकवर खूण करा आणि पीसी रीस्टार्ट करा. त्या ड्राइव्हवर मोकळी जागाही हवी. आजच्या एसएसडीचं आयुष्य पेजफाइलमुळे जाणवण्याइतकं घटत नाही. हा सल्ला जुन्या काळातला आहे आणि आता नुसतं नुकसान करतो. स्टीमच्या वर्कशॉपमधून (खेळाडूंनी बनवलेल्या गोष्टींच्या दालनातून) घेतलेल्या इमारती न वापरताही लोड होतात, तेव्हा तीही यादी छाटा.

प्र. लॅपटॉपवर विंडोजचं यूजरनेम देवनागरीत ठेवलं आहे. काही जुने गेम सुरूच होत नाहीत, काहींचे सेव्ह होत नाहीत. संबंध असेल का? (नांदेड)

उ. दाट शक्यता आहे. नाव देवनागरीत ठेवलं की सी ड्राइव्हवरच्या यूजर्समध्ये फोल्डरही देवनागरीत होऊ शकतं, आणि गेमची सेटिंग व सेव्ह त्याच वाटेवर जातात. जुने प्रोग्रॅम युनिकोड न वापरता विंडोजच्या जुन्या कोडपेजमधून (अक्षरांच्या तक्त्यातून) फाइलचं नाव वाचतात. मराठी आणि हिंदीसाठी असं कोडपेज विंडोजमध्ये कधी नव्हतंच. म्हणून गेमला नावाच्या जागी प्रश्नचिन्हं दिसतात, फोल्डर सापडत नाही आणि तो गप्प बंद होतो.

कंट्रोल पॅनेलमधून नाव बदलून फोल्डर बदलत नाही, आणि फोल्डरचं नाव हाताने बदलायला जाऊ नका. सेटिंग्ज, अकाउंट्स, अदर यूजर्समधून मायक्रोसॉफ्ट खात्याविना नवं स्थानिक खातं उघडा. नाव इंग्रजी अक्षरांत, स्पेस न देता. त्यात एकदा लॉगिन करा म्हणजे फोल्डर तयार होईल. गेम तिथून चालवून बघा आणि चालला तर जुने सेव्ह उचलून आणा. रीजनच्या सेटिंगमध्ये यूटीएफ-८ चा बीटा पर्याय आहे. त्याने काही प्रोग्रॅम सुधारतात, पण काही नवे बिघडतात. आधी खातंच करून बघा.

खातं बदलूनही सेव्ह होत नसेल तर विंडोज सिक्युरिटीतल्या रॅन्समवेअर प्रोटेक्शनमध्ये कंट्रोल्ड फोल्डर ॲक्सेस चालू आहे का बघा. ते डॉक्युमेंट्समध्ये लिहू देत नाही. गेमला परवानगीच्या यादीत घातलं की काम होतं.

प्र. कधी स्क्रीन काळी होऊन गेम बंद, कधी पीसीच रीस्टार्ट. ठरावीक वेळ नाही, ठरावीक गेमही नाही. उन्हाळ्यात प्रमाण वाढलं. (चंद्रपूर)

उ. गेम सोडून यंत्राकडे वळा. स्क्रीन क्षणभर काळी होऊन डेस्कटॉप परत येतो, तो प्रकार वेगळा आणि पीसी रीस्टार्ट होतो, तो वेगळा. पहिल्यात ग्राफिक्स कार्डने २ सेकंदांत उत्तर दिलं नाही म्हणून विंडोजने ड्रायव्हर नव्याने सुरू केलेला असतो. इव्हेंट व्ह्यूअरच्या सिस्टम लॉगमध्ये डिस्प्ले, ४१०१ अशी नोंद मिळेल. सेफ मोडमध्ये डिस्प्ले ड्रायव्हर अनइन्स्टॉलरने जुना ड्रायव्हर पुसून नवा टाका आणि कार्ड ओव्हरक्लॉक केलं असेल तर मूळ वेगावर आणा. रजिस्ट्रीत ते २ सेकंद वाढवायचा सल्ला सगळीकडे मिळतो. त्याने लक्षण लांबतं, दोष राहतो.

पीसीच रीस्टार्ट झाला तर कर्नल-पॉवर ४१ ही नोंद दिसेल. तिच्यावरून पॉवर सप्लाय गेला असं ठरवू नका. मागच्या वेळी पीसी नीट बंद झाला नव्हता, एवढाच तिचा अर्थ. तिच्या आसपास व्हिया-लॉगर (हार्डवेअरमधल्या चुकांची नोंद) दिसतो का बघा. दिसला तर प्रोसेसर, मेमरी किंवा मदरबोर्डकडे संशय जातो.

तापलेला प्रोसेसर आधी वेग कमी करतो, म्हणजे गेम अडखळतो. थेट बंद पडणं ही फार पुढची पायरी. एचडब्ल्यूइन्फो (तापमान दाखवणारं साधन) चालू ठेवून शेवटच्या टप्प्यातला मोठा डाव खेळा, कारण शंभरेक शहरांची खेळी संगणक ठरवतो तेव्हाच प्रोसेसरवर खरा ताण येतो. फ्रेमची मर्यादा ६० वर ठेवा. नकाशा स्थिर असताना कार्ड उगाच शेकडो फ्रेम काढत बसतं आणि तापतं. चंद्रपूरच्या मे महिन्यात ही चैन परवडणारी नाही.

मग बायोसमध्ये (पीसी सुरू होताना उघडणाऱ्या मदरबोर्डच्या सेटिंगमध्ये) एक्सएमपी किंवा एक्स्पो, म्हणजे रॅम जास्त वेगाने चालवणारी सेटिंग, बंद करून दोन-तीन दिवस खेळा. क्रॅश थांबले तर रॅम त्या वेगाला टिकत नाही. मेमटेस्ट८६ रात्रभर लावा. एकही चूक आली तरी रॅम सदोष समजायची आणि एकेक पट्टी काढून दोषी शोधायची.

प्रोसेसरचं नाव तुम्ही लिहिलेलं नाही. तो डेस्कटॉपचा इंटेल १३व्या किंवा १४व्या पिढीचा, वरच्या श्रेणीतला असेल तर मदरबोर्डचा बायोस आजच तपासा. जास्त व्होल्टेजमुळे हे प्रोसेसर कालांतराने अस्थिर होतात. त्यावर इंटेलने ऑगस्ट आणि सप्टेंबर २०२४ मध्ये मायक्रोकोड (प्रोसेसरच्या आतला प्रोग्रॅम) दिला, तो बायोस अपडेटमधून येतो. झालेली हानी अपडेटने भरून निघत नाही, पण वॉरंटी २ वर्षांनी वाढवलेली आहे. शेडर (ग्राफिक्स कार्डासाठीचे छोटे प्रोग्रॅम) तयार होताना व्हिडिओ मेमरी संपल्याचा खोटाच संदेश येणं हे याचं नेहमीचं लक्षण.

प्र. जनरल्स: झीरो अवर जुन्या सीडीवरून टाकला. सुरू होताच गंभीर त्रुटी दाखवून बंद होतो. (मडगाव)

उ. दोन अडथळे आहेत. सीडीवरचं सेफडिस्क हे कॉपीविरोधी संरक्षण विंडोज १० पासून चालतच नाही, त्यामुळे सीडी नीट असूनही उपयोग नाही. मार्च २०२४ पासून हा गेम स्टीमवर मिळतो, तो घेणं सोपं.

दुसरा अडथळा स्टीमच्या प्रतीतही येऊ शकतो. ऑप्शन्स डॉट आयएनआय ही फाइल नसली की गेम लगेच कोसळतो. डॉक्युमेंट्समध्ये कमांड अँड कॉन्कर जनरल्स झीरो अवर डेटा या फोल्डरात (नसेल तर इंग्रजीत याच नावाचा करा) नोटपॅडने ती बनवा. आत एकच ओळ पुरते: इंग्रजीत रिझोल्यूशन हा शब्द, बरोबरचं चिन्ह, मग १०२४ आणि ७६८ इंग्रजी अंकांत, मध्ये स्पेस. सेव्ह करताना प्रकार ऑल फाइल्स निवडा, नाहीतर नावामागे टीएक्सटी चिकटतं आणि गेमला फाइल दिसत नाही.

प्र. मित्रांबरोबर ऑनलाइन खेळताना आउट ऑफ सिंक येतं. इंटरनेट बदललं, फरक नाही. (बेंगळुरू)

उ. बहुतेक स्ट्रॅटेजी गेममध्ये हजारो सैनिकांची जागा इंटरनेटवरून जात नाही. जातात फक्त खेळाडूंचे हुकूम, आणि प्रत्येक पीसी तोच हिशेब स्वतः करतो. एकाच्या हिशेबात तीळभर फरक पडला की डाव फाटतो. म्हणून सगळ्यांची आवृत्ती, मॉड आणि मॉडचा क्रम एकच हवा. पॅराडॉक्सच्या (स्टेलारिस बनवणाऱ्यांच्या) गेममध्ये मुख्य मेनूवर आवृत्तीशेजारी चेकसमची (गेमच्या फाइलींवरून काढलेल्या खुणेची) चार अक्षरं असतात; ती सगळ्यांनी वाचून ताडून बघा. वेगळी असतील तर ज्याची वेगळी, त्याने मॉड काढून फाइली व्हेरिफाय कराव्यात. सारखी असूनही डाव फाटत असेल तर यजमानाने सेव्ह करून सगळ्यांनी तोच सेव्ह पुन्हा लोड करावा.