शैक्षणिक टीव्हीसाठी लिहायचं तर बी.एड. हवंच का?

प्रश्न: माझ्या मुलीला लहान मुलांसाठी शैक्षणिक कार्यक्रम लिहायचेत. घरचे म्हणतात आधी बी.एड. कर, मग लेखनाचं बघू. ती सारखी 'सेसमी स्ट्रीट' या अमेरिकेतल्या मुलांच्या टीव्ही कार्यक्रमाच्या जॉन स्टोन यांचं नाव घेते. ते शिक्षक होते का? या लाइनमध्ये आले कसे? - एक आई, सांगली

उत्तर: नाही हो ताई, शिक्षक अजिबात नव्हते, नाटकवाला माणूस! येल विद्यापीठात नाटकाचं शिक्षण घेतलं, मग सीबीएस या अमेरिकन टीव्ही कंपनीत लागले आणि तिथे 'कॅप्टन कांगारू' या मुलांच्या कार्यक्रमासाठी लिहायला लागले. पुढे टीव्हीला कंटाळून अमेरिकेतल्याच व्हर्माँट राज्यात जाऊन राहिले होते, आणि तिथे असताना 'सेसमी स्ट्रीट' उभा करणाऱ्या जोन गँझ कूनी यांनी त्यांना गाठलं. कूनीबाईंना अजून शाळेत जायचं वय न झालेल्या, विशेषतः गरीब वस्तीतल्या मुलांना टीव्हीवरून अक्षरं-आकडे शिकवायचे होते. नोव्हेंबर १९६९ मध्ये कार्यक्रम सुरू झाला, स्टोन त्याचे पहिले मुख्य लेखक. बाहुलीकार जिम हेन्सन यांच्या बाहुल्या घ्या म्हणून आग्रह धरणारेही तेच.

आता खरी गंमत पुढे आहे. काय शिकवायचं हे हार्वर्डचे जेराल्ड लेसर आणि इतर तज्ज्ञ ठरवायचे, लेखकांनी त्यावर विनोद, गाणी, भांडणं रचायची, आणि मग ते खऱ्याखुऱ्या मुलांसमोर लावून बघायचं. एडवर्ड पामर या संशोधकाने तर टीव्हीच्या बाजूलाच स्लाइड प्रोजेक्टर ठेवला, दर साडेसात सेकंदांनी नवीन चित्र, आणि मूल टीव्ही सोडून तिकडे कधी बघतं ते लिहून ठेवायचे. म्हणजे आपण रात्र रात्र जागून लिहिलेला सीन चार वर्षांचं पोरगं मान वळवून नापास करणार! कितीही मुरलेल्या लेखकाला हे झेपत नाही असं माझं मत आहे.

१९६९ च्या जुलैमध्ये फिलाडेल्फियात ट्रायलचे एपिसोड दाखवले तेव्हा मुलं बाहुल्या बघत होती पण रस्त्यावरचे, माणसांचे सीन आले की लक्ष उडत होतं. तज्ज्ञांनीच आधी सांगितलं होतं की बाहुल्या आणि खरी माणसं एकत्र आणू नका, मुलांचा गोंधळ होईल. मग टीमने तो सल्ला बाजूला ठेवला आणि त्या रस्त्यावर बिग बर्ड हा मोठ्ठा पक्षी आणि कचऱ्याच्या डब्यातला खडूस ऑस्कर या बाहुल्या आणून बसवल्या. तज्ज्ञांचं कुठे ऐकायचं आणि मुलांचं कुठे, हे कुठल्याच कोर्समध्ये शिकवत नाहीत.

मुलीला अजून एक नाव सांगा, एमिली किंग्स्ली. १९७० मध्ये त्या लेखिका म्हणून आल्या, १९७४ मध्ये त्यांच्या मुलाचा जन्म झाला, त्याला डाउन सिंड्रोम होता. त्यानंतर अपंग मुलं या कार्यक्रमात पाहुणी म्हणून नाही तर गल्लीतलीच मुलं म्हणून दिसावीत यासाठी त्या लिहीत राहिल्या. आणि कार्यक्रमातल्या दुकानदाराचं, मिस्टर हूपरचं, काम करणारे नट विल ली १९८२ मध्ये गेले तेव्हा, ते रिटायर होऊन दुसरीकडे राहायला गेले असं सांगून वेळ मारून नेता आली असती, पण टीमने मुलांना मृत्यूबद्दल खरं सांगायचं ठरवलं. नॉर्मन स्टाइल्स यांनी लिहिलं, दिग्दर्शन स्टोन यांचं. १९८३ च्या थँक्सगिव्हिंगला, म्हणजे अमेरिकेतल्या मोठ्या सणाच्या सुट्टीला दाखवलं, का तर त्या दिवशी आईवडील घरी असतात, मुलाने काही विचारलं तर सांगायला कुणीतरी जवळ हवं. याला म्हणतात विचार करून लिहिणं!

तेव्हा बी.एड. करायचं तर शिकवायची आवड असेल म्हणून करू दे, यासाठी सक्ती नको. त्यापेक्षा तिला म्हणावं, 'पाच' या आकड्यावर तीन मिनिटांचा सीन लिही, बिल्डिंगमधल्या चार-पाच वर्षांच्या मुलांना करून दाखव, आणि कोण कुठल्या वाक्याला उठून गेलं तेवढं वहीत टिपून ठेव.