आफ्रिकेतल्या खाणकामगारांवर त्या काळातली खरी डॉक्युमेंटरी कुठली बघावी?

तुम्हाला दक्षिण आफ्रिकेत गोऱ्यांच्या राज्यातल्या खाणकामगारांवर त्याच काळात शूट झालेली फिल्म हवीये आणि ती कंपनीच्या किंवा सरकारच्या प्रचाराची नकोय. मी तर एकच नाव सांगेन, 'कम बॅक, आफ्रिका', 1959 ची, लायोनेल रोगोसिन नावाच्या अमेरिकन माणसाने जोहान्सबर्गला जाऊन काढलेली.

आता कोणी म्हणेल ही डॉक्युमेंटरी कुठाय, गोष्ट रचलेली आहे. मान्य. पण रस्ते खरे, माणसं खरी, आणि हिरो झकारिया झालेला माणूस नट नव्हताच. सरकारला रोगोसिनने थाप मारली की मी तुमच्याकडच्या गाण्याबजावण्यावर फिल्म करतोय आणि ती चक्क खपली.

झकारिया झुलुलँडमधलं गाव सोडून सोन्याच्या खाणीत येतो. न येऊन करणार काय, 1913 च्या कायद्याने काळ्यांना जमीन ठेवली जेमतेम 7 टक्के आणि वर कर भरायचा तो रोख. खाणीचा भाग तसा थोडकाच आहे हे आधीच सांगतो, नंतर तो शहरात कामं शोधत हिंडतो, पण मेख तिथेच आहे, पास (काळ्यांना सतत जवळ बाळगावा लागणारा सरकारी परवाना) नाही तर नोकरी नाही आणि नोकरी नाही तर पासवर शिक्का नाही, माणूस नुसता या खिडकीवरून त्या खिडकीवर.

बाकी फिल्मची ताकद खाणमालकांना आधीपासून ठाऊक होती बरं का. 1920 च्या आसपास रे फिलिप्स नावाचा अमेरिकन मिशनरी कंपाउंडमध्ये, म्हणजे खाणीवाल्यांनी कामगारांना कोंडून ठेवलेल्या आवारात, प्रोजेक्टर लावून चॅप्लिन दाखवायचा, हेतू हाच की पोरं हसत बसली की डोक्यात भलतंसलतं येत नाही. आलंच शेवटी! 1946 ला दिवसाला 10 शिलिंग मागत हजारो जण संपावर गेले आणि पोलिसांच्या गोळ्या खाल्ल्या.

चोरट्या दारूच्या अड्ड्यावरचा सीन मात्र चुकवू नका, लेखक-पत्रकार मंडळी वाद घालत बसलीत आणि मध्येच तरुण गायिका मिरियम मकेबा येऊन गाते. या फिल्मसाठी ती व्हेनिसच्या फिल्म फेस्टिवलला गेली आणि पुढच्याच वर्षी सरकारने तिचा पासपोर्ट रद्द केला, आई वारली तरी घरी जाता आलं नाही, परतली ती थेट 1990 ला.

इटलीतल्या बोलोन्याच्या सिनेटेकाने, म्हणजे तिथल्या फिल्म संग्रहालयाने, रिस्टोअर केलेली प्रिंट मिळाली तर तीच बघा, धुरकट कॉपीवर वेळ घालवू नका.