रियांश : नावातला अंश खरा, किरण मात्र उसना

एका आत्याबाईंनी विचारलं आहे : भावाच्या मुलाचं बारसं आहे, नाव 'रियांश' ठरलंय. वहिनीचं नाव सुप्रिया, त्यातला 'रिया' घेतला आणि पुढे 'अंश' जोडला. नावांच्या संकेतस्थळांवर 'सूर्याचा पहिला किरण' आणि 'विष्णूचा अंश' असे दोन अर्थ मिळतात. आजोबांनी मात्र घरातला संस्कृत कोश उघडला, तर शब्दच नाही. निमंत्रणपत्रिकेत अर्थ छापायचा आहे, तो कोणता छापावा? आणि काही नातेवाईक 'रेयांश' म्हणा म्हणतात, ते बरोबर का?

आधी थोडक्यात उत्तर देतो. आजोबांचा कोश बरोबर आहे. 'रियांश' हा संस्कृत शब्द नाही, आजच्या काळात घडवलेलं नाव आहे. त्यातला 'अंश' अस्सल आहे. 'किरण' हा अर्थ मात्र त्यात नाही. पण म्हणून नाव निरर्थक ठरत नाही. तुमच्या घरात त्याला जो अर्थ आहे, तो छापील अर्थांपेक्षा चांगला आहे.

'अंश'पासून सुरुवात करू. अंश म्हणजे भाग, वाटा. शाळेत आपण अपूर्णांकाचे अंश आणि छेद शिकतो, तापमान अंशांत मोजतो, एखादी मागणी अंशतः मान्य होते. हा शब्द थेट ऋग्वेदापर्यंत जातो. दुसऱ्या मंडलातल्या आदित्यांच्या सूक्तात मित्र, अर्यमा, भग, वरुण, दक्ष यांच्याबरोबर 'अंश' नावाचा आदित्य येतो. भग म्हणजे भाग्य देणारा, अंश म्हणजे वाटा देणारा. नावांमध्ये आपण जो अंश वापरतो त्याच्या पाठीशी मात्र गीता आहे : 'ममैवांशो जीवलोके जीवभूतः सनातनः' (15.7). जीव हा माझाच सनातन अंश आहे, असं कृष्ण म्हणतो. अंशावतार हा शब्दही त्याच कल्पनेतला. म्हणून देवाच्या नावापुढे 'अंश' लावून मुलाचं नाव ठेवण्यात परंपरेला धरूनच काहीतरी आहे. शिव + अंश = शिवांश, रुद्र + अंश = रुद्रांश, देव + अंश = देवांश. शिवाचा अंश तो शिवांश, हा सरळ षष्ठी तत्पुरुष. संधीही निर्दोष : अ आणि अ मिळून आ.

आता किरण कुठून आला ते पाहा. संस्कृतात 'अंशु' असा वेगळा शब्द आहे आणि त्याचा अर्थ किरण. सुधांशु, हिमांशु, शीतांशु ही चंद्राची नावं, अंशुमाली हे सूर्याचं. सगराच्या नातवाचं नाव अंशुमान. अंशु आणि अंश यांत फरक एका उकाराचा, पण अर्थ अगदी निराळे. 'रियांश'ला किरण चिकटवणाऱ्यांनी हा उकार बघितलेला नाही. 'रेयांश' या रूपात तर किरणासाठीचा इंग्रजी 'रे' सुद्धा कानात वाजत असावा. 'पहिला' या विशेषणाला कुठलाच आधार नाही, ते नुसतं गोड वाटावं म्हणून आलेलं आहे.

खरा प्रश्न 'रिया'चा. संस्कृतात 'रिया' असं नाम नाही. भूगोलात 'रिया किनारा' येतो, पण तो स्पेनच्या किनाऱ्यावरून आलेला शब्द. त्याचा इथे काही संबंध नाही. मग जवळपासचं काय आहे? वेदांत 'रयि' आहे, म्हणजे संपत्ती. ऋग्वेदाच्या पहिल्याच सूक्तात 'अग्निना रयिमश्नवत्' असं येतं. कोणी म्हणेल, रयि + अंश म्हणजे संपत्तीचा वाटा, तोच रियांश. पण संधी तसा होत नाही. इकारापुढे अ आला की इकाराचा य होतो : रयि + अंश = रय्यंश. हरि + अश्व = हर्यश्व होतो, हरियाश्व नव्हे. हीच अडचण 'श्री'ची. श्री + अंश यांचा संधी केला तर श्र्यंश होतो, आणि ते उच्चारताना जीभ अडखळते. 'श्रीयांश', 'श्रियांश' ही रूपं कानाला छान लागतात, पण समासाच्या वाटेने ती येत नाहीत. अंशापूर्वी अकारान्त किंवा आकारान्त शब्द असला, तरच 'ांश' असा शेवट मिळतो. रेवा + अंश = रेवांश, म्हणजे नर्मदेचा अंश, हे नाव या कसोटीला पूर्ण उतरतं. प्रिय + अंश = प्रियांश हेही उतरतं.

'सुप्रिया'चं पाहू. सु + प्रिया. 'प्रिय' हा शब्द 'प्री' या धातूपासून झाला, अर्थ संतोष देणं, आवडणं. प्रीती, प्रेम ही सगळी त्याच कुळातली. 'सुप्रिया'तून 'प्रिया' वेगळा काढला तर अर्थ शाबूत राहतो. पण 'रिया' काढायचा तर सुरी धातूच्या मधोमध चालवावी लागते : प् एकीकडे, री दुसरीकडे. धातू तुटला की अर्थ सांडतो. जुनी नावघडण आणि आजची नावघडण यांतला मला दिसणारा सर्वांत मोठा फरक हाच.

नावं तोडायची सोय संस्कृत वैयाकरणांनीही ठेवली होती. देवदत्ताला नुसतं 'देव' किंवा नुसतं 'दत्त' म्हणावं, सत्यभामेला 'सत्या' किंवा 'भामा' म्हणावं, असं त्यांनी मान्य केलं. भीमसेनाचा भीम झाला तो असाच. पण गळतं ते अख्खं पद. आजचे आईबाप अक्षरं उचलतात : आईच्या नावातली दोन, बाबांच्या नावातलं एक, आणि शेवट कानाला आवडेल असा. ही पद्धत संस्कृतची नाही, ती आपल्या काळाची आहे. तिला तिच्याच नियमांनी जोखावं. तिच्यावर संस्कृतचा शिक्का मारला की अर्थांची गडबड सुरू होते.

'रियांश'च्या पूर्वजांबद्दल मला एक गोष्ट फार महत्त्वाची वाटते आणि ती नावांच्या याद्यांमध्ये सहसा दिसत नाही. 'श्रेयांस' हे एक जुनं, खरंखुरं नाव आहे. जैनांचे अकरावे तीर्थंकर श्रेयांसनाथ. त्यांचं जन्मस्थान सिंहपुरी, म्हणजे आजच्या सारनाथचा परिसर, असं परंपरा मानते. दुसरे श्रेयांस हस्तिनापूरचे. पहिले तीर्थंकर ऋषभदेव दीर्घ उपवासानंतर आले, तेव्हा त्यांना उसाच्या रसाचं पारणं घडवलं ते याच श्रेयांसांनी. तो दिवस अक्षय तृतीयेचा. वर्षीतप, म्हणजे वर्षभर एक दिवसाआड उपवासाचं व्रत, करणारे जैन आजही त्या दिवशी उसाच्या रसानेच पारणं करतात.

या 'श्रेयांस'मध्ये अंश नाहीच. मूळ शब्द 'श्रेयस्', म्हणजे अधिक चांगला. 'श्रेष्ठ' हा त्याचाच पुढचा भाऊ, सर्वांत चांगला. पुल्लिंगी प्रथमेचं एकवचन 'श्रेयान्' होतं. गीतेतलं 'श्रेयान् स्वधर्मो विगुणः' (3.35) सगळ्यांच्या कानावरचं आहे. द्वितीयेचं रूप 'श्रेयांसम्'. त्यातून 'श्रेयांस' हे नाव झालं. मराठीत याचं अगदी जवळचं उदाहरण आहे : 'विद्वस्' या शब्दाचं प्रथमेचं एकवचन विद्वान्, द्वितीयेचं विद्वांसम्. त्या रूपातून आपल्याकडे 'विद्वांस' हे आडनाव आलं. विद्वांसांच्या नावात जसा कुठला अंश नाही, तसा तो श्रेयांसाच्या नावातही नाही. पण दंत्य स चा तालव्य श झाला की 'श्रेयांश' होतो, आणि ऐकणाऱ्याला वाटतं, हा 'श्रेय' अधिक 'अंश' असणार. एकदा असं वाटलं की साचा तयार झाला. पुढचा 'श्' गळला तर रेयांश. उच्चार थोडा बदलला तर रियांश. शिवांश-रुद्रांशांची फळी एका बाजूला आणि श्रेयांस दुसऱ्या बाजूला, या दोहोंच्या मध्ये ही नावं उगवली, असं माझं मत आहे. तुमच्या घरी ती याच वाटेने आली असं नव्हे. तुमच्याकडे 'रिया' वहिनींच्या नावातून आला, हे तुम्ही स्वतःच सांगता. पण 'रियांश' हा आवाज कानाला ओळखीचा का वाटला, त्याचं उत्तर इथे असू शकतं.

आजोबांची हरकत बहुधा अर्थावर असेल, जोडणीवर नसावी. जोडनावं आपल्याकडे जुनीच आहेत. दत्तात्रेय म्हणजे दत्त + आत्रेय, अत्रींचा मुलगा दत्त. पुष्कळांना त्यात 'त्रय' ऐकू येतं, कारण मूर्ती त्रिमुखी. पण तिथे आहे तो 'आत्रेय'. हरिहर, सीताराम, लक्ष्मीनारायण यांत तर दोन दैवतं एकत्र नांदतात. दोन भाषांचा सांधा करायलाही मराठी माणूस कधी कचरला नाही. हैबतराव, दौलतराव, फत्तेसिंह यांत पुढचा अर्धा भाग अरबी-फारसीतून आला, मागचा इथला. मालोजीराजांनी अहमदनगरच्या, म्हणजे आताच्या अहिल्यानगरच्या, शाह शरीफ पिराला नवस केला आणि मुलांची नावं शहाजी आणि शरीफजी ठेवली, अशी परंपरा सांगतात. फारसी 'शाह' आणि आपला 'जी' यांच्या जोडणीतून झालेलं ते नाव महाराष्ट्राच्या इतिहासात केवढं मोठं झालं! मात्र या सगळ्या नावांत दोन्ही तुकडे अर्थासकट जिवंत आहेत. हैबत म्हणजे धाक, हे त्या काळच्या माणसाला ठाऊक होतं.

म्हणून पत्रिकेसाठी माझा सल्ला असा. 'सूर्याचा पहिला किरण' छापू नका. 'विष्णूचा अंश'ही नको, कारण नावात विष्णू कुठेच नाही. छापायचंच असेल तर 'रियांश : सुप्रियेचा अंश' असं छापा. 'रिया' हे वहिनींच्या नावाचं लाडकं रूप धरलं, तर रिया + अंश = रियांश हा संधीही चोख आहे आणि अर्थही खरा आहे. कोणी विचारलं तर अभिमानाने सांगा. मुलाच्या नावात आईचं नाव असणं ही या भूमीतली फार जुनी रीत आहे. सातवाहन राजे स्वतःला गौतमीपुत्र सातकर्णी, वासिष्ठीपुत्र पुळुमावी म्हणवत. नाशिकच्या पांडवलेण्यांत पुळुमावीच्या एकोणिसाव्या राज्यवर्षातला जो प्रसिद्ध लेख आहे, तो गौतमी बलश्रीचा, म्हणजे गौतमीपुत्राच्या प्रत्यक्ष आईचा. त्यात तिने आपल्या मुलाचा पराक्रम गायला आहे. महाभारतातले कौंतेय आणि राधेय तर सर्वांना माहीतच आहेत. कर्णाला 'राधेय' म्हणताना आपण त्याला वाढवणाऱ्या आईचं नाव घेतो. आजोबांना ही बाजू नक्की पटेल.

संकेतस्थळांवरच्या अर्थांबद्दल एक इशारा द्यावासा वाटतो, कारण उद्या दुसऱ्या बारशाला हाच प्रश्न येईल. 'आरव' या नावाचा अर्थ तिथे 'शांत' असा दिलेला सर्रास आढळतो. संस्कृतात आरव म्हणजे आवाज, गर्जना. आपला कोंबडा पहाटे 'आरवतो' ते याच कुळातलं क्रियापद. नाव उत्तम आहे, पण अर्थ बरोबर उलटा सांगितला जातो. याच्या विरुद्ध 'विहान'. ते नवं, घडवलेलं वाटतं, पण हिंदी-भोजपुरीत 'बिहान' म्हणजे सकाळ हा रोजच्या वापरातला शब्द आहे, आणि विहान त्याचंच भावंड. तेव्हा नाव ऐकून नवं-जुनं ठरवू नये. दोन कोश पाहावेत आणि दोन्हींत नसेल तर आपण नवा शब्द घडवला आहे हे मोकळेपणाने मान्य करावं.

राहिला 'रेयांश'चा प्रश्न. तुमच्याकडे नाव 'सुप्रिया'वरून आलं आहे, तेव्हा 'रि'च ठेवा. 'रे' केलात तर आईच तुटते. लिहिताना 'रियांश' असं शीर्षबिंदू देऊनच लिहा, 'रियान्श' नको. मराठीत श, स, ह यांच्या आधीचा अनुस्वार न् सारखा उच्चारला जात नाही. वंश, संशय, सिंह हे शब्द मोठ्याने म्हणून पाहा, नाकातून व् ची छटा येते. मराठी तोंडात हे नाव जवळजवळ 'रियांव्श' असं येईल आणि ते बरोबर आहे. इंग्रजी अक्षरांत 'एन' लिहिला जातो, हिंदी भाषक 'रियान्श' म्हणतात. शाळेत मुलाला दोन्ही ऐकू येतील, त्यात बिघडत काही नाही. पण बारशाच्या दिवशी पाळण्याजवळ वाकून त्याच्या कानात कुर्र करताना आत्याने मराठी उच्चारच करावा.