वाचकांचे प्रश्न : अमेरिका मित्र आहे, मग आरोपी का देत नाही?

नोव्हेंबर २००८ च्या मुंबई हल्ल्यातला आरोपी तहव्वूर राणा याला अमेरिकेतून भारतात आणल्यावर मागे मी या पानावर चार ओळी लिहिल्या होत्या. त्यावर बरीच पत्रं आली. फौजदारी खटल्यांच्या कागदांचं मराठीतून इंग्रजीत भाषांतर करण्यात माझी तेवीस वर्षं गेली. त्यातले काही कागद परदेशी न्यायालयांतही गेले. त्यामुळे ही उत्तरं मला द्यावीशी वाटतात.

आम्ही जावळी तालुक्यातले. शहीद तुकाराम ओंबळे यांचं केडंबे गाव आमच्याच तालुक्यात आहे. राणाला आणायला हल्ल्यानंतर सोळा वर्षं का लागली? — एक विद्यार्थी, मेढा

बाळा, तुझा राग मला कळतो. गिरगाव चौपाटीवर ओंबळेंनी गोळ्या अंगावर घेत कसाबची बंदूक सोडली नाही, म्हणून तो जिवंत सापडला. तो जिवंत सापडला म्हणून पुढचं सगळं धागेदोरे लावून सिद्ध करता आलं.

आता या सोळा वर्षांचे दोन तुकडे करून बघ. राणा शिकागोत ऑक्टोबर २००९ मध्ये पकडला गेला तो अमेरिकेच्या खटल्यासाठी. २०११ मध्ये तिथल्या ज्यूरीनं त्याला लष्कर-ए-तैयबाला मदत केल्याबद्दल आणि डेन्मार्कमधल्या वृत्तपत्रावरच्या हल्ल्याच्या कटाबद्दल दोषी धरलं, मुंबईच्या कटातून मात्र सोडलं. त्याला चौदा वर्षांची शिक्षा झाली. करोनाच्या काळात, २०२० साली, प्रकृतीच्या कारणावरून त्याची सुटका झाली आणि भारताच्या विनंतीवरून लगेच लॉस एंजेलिसमध्ये त्याला पुन्हा अटक झाली. आपली खरी लढाई तिथून सुरू होते.

त्याच्या वकिलांचा मुद्दा साधा होता आणि दमदारही होता. मुंबईबद्दल तो एकदा निर्दोष ठरलाय, त्याच गोष्टीसाठी पुन्हा खटला कसा? भारत आणि अमेरिका यांचा प्रत्यार्पण करार १९९७ चा. त्यातही लिहिलंय की एका देशात ज्या गुन्ह्याचा निकाल लागला, त्याच गुन्ह्यासाठी माणूस दुसऱ्या देशाच्या हवाली करायचा नाही. सगळा वाद ‘गुन्हा’ या एका शब्दाभोवती फिरला. गुन्हा म्हणजे घडलेली घटना, की कायद्यातलं कलम? मॅजिस्ट्रेट न्यायालयानं मे २०२३ मध्ये आणि अपील न्यायालयानं ऑगस्ट २०२४ मध्ये सांगितलं की गुन्हा म्हणजे कलम, आणि त्या कलमाखाली जे जे सिद्ध करावं लागतं ते. भारतानं लावलेली कलमं वेगळी होती. देशाविरुद्ध युद्ध पुकारणं होतं, खून होता, कटासाठी केलेले बनावट कागदही होते. जानेवारी २०२५ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयानं त्याचं दार बंद केलं आणि १० एप्रिलला राणा दिल्लीत उतरला. मधे फेब्रुवारीत दोन्ही देशांच्या नेत्यांनी त्याला भारताच्या हवाली करण्याची घोषणा केली, ती टीव्हीवर सगळ्यांनी पाहिली. पण माझ्या लेखी हे काम आरोपपत्रात कलमं नीट मांडणाऱ्यांचं आहे.

एक अनुभव सांगते, म्हणजे हे पटेल. फार जुनं प्रकरण आहे, देश आणि आरोपी दोन्ही सांगत नाही. आमचे कागद तिकडून परत आले. पंचनाम्यात मुद्देमाल ‘दुसऱ्या मजल्यावर’ सापडल्याचं लिहिलं होतं आणि जबाबात खोली ‘दुसऱ्या मजल्यावरची’ होती. दोन भाषांतरकारांपैकी एकानं ‘दुसरा’ तसाच ठेवला. दुसऱ्यानं विचार केला, तिकडे तळमजल्यालाच पहिला म्हणतात, म्हणून ‘तिसरा’ केला. बचावाच्या वकिलानं एवढ्यावरच पुरावा बनावट असल्याचं म्हटलं. पुन्हा भाषांतर, पुन्हा सह्या, पुन्हा मोहोर, लाल फीत, वकिलातीचं प्रमाणपत्र. सात महिने गेले. तेव्हापासून मजल्याचा आकडा दिसला की मी तळटीप लिहिते.

हेडली तर मुख्य टेहळ्या. तो का नाही मिळाला? — निवृत्त शिक्षिका, रत्नागिरी

बाई, हे मला आजही सलतं. दाऊद गिलानीनं २००६ मध्ये नाव बदलून डेव्हिड हेडली केलं, ताडदेवला कार्यालय थाटलं आणि हल्ल्याआधी पाच वेळा भारतात येऊन ताज, स्टेशनं, नरिमन हाऊस टिपून नेलं. राणाच्या कंपनीचं नाव त्यानं याच कार्यालयासाठी वापरलं. ऑक्टोबर २००९ मध्ये शिकागोच्या विमानतळावर तो सापडला आणि मार्च २०१० मध्ये त्यानं गुन्हा कबूल केला. त्या बदल्यात अमेरिकेच्या सरकारी वकिलांनी लिहून दिलं की फाशी मागणार नाही, आणि भारत, पाकिस्तान, डेन्मार्क यांपैकी कुणाच्याही हवाली करणार नाही. शिक्षा झाली पस्तीस वर्षांची.

त्यांच्या बाजूनं एक खरं आहे. तो बोलला म्हणून बरंच कळलं. जून २०१० मध्ये आपल्या राष्ट्रीय तपास यंत्रणेच्या पथकानं शिकागोत त्याची चौकशी केली. फेब्रुवारी २०१६ मध्ये त्यानं मुंबईच्या न्यायालयात व्हिडिओद्वारे साक्ष दिली. मुंबईवर हल्ल्याचे आधीचे दोन प्रयत्न फसले होते आणि एकदा बोट खडकावर आपटून शस्त्रं बुडाली, हे त्यानंच सांगितलं. तरीही १६६ माणसं मुंबईत मेली, आणि त्यांच्या मारेकऱ्याशी सौदा करताना मुंबईला कुणी विचारलं नाही. मैत्रीत एवढं तरी विचारायला हवं होतं, असं माझं ठाम मत आहे. हाच माणूस आधी अमेरिकेच्या अमली पदार्थविरोधी खात्याचा खबऱ्या होता आणि हल्ल्याआधी त्याच्या पत्नीनं इस्लामाबादच्या अमेरिकी वकिलातीत त्याची तक्रार केली होती. ते आठवलं की अधिकच वाईट वाटतं.

अबू सालेमसाठी आपण पोर्तुगालला लेखी वचन का दिलं? आपल्या आरोपीला शिक्षा किती द्यायची हे ते कोण सांगणार? — दुकानदार, मिरज

वचन दिलं नसतं तर तो मिळालाच नसता. पोर्तुगालच्या कायद्यात ना फाशी आहे ना आजन्म कैद, आणि जिथं तशी शिक्षा होईल तिथं ते माणूस पाठवत नाहीत. १२ मार्च १९९३ ला मुंबईतल्या बॉम्बस्फोटांत २५७ माणसं मेली. त्या खटल्यातला सालेम २००२ मध्ये लिस्बनला पकडला गेला, तेव्हा आपल्या सरकारनं लिहून दिलं की फाशी नाही आणि पंचवीस वर्षांहून जास्त तुरुंगवास नाही. नोव्हेंबर २००५ मध्ये तो आला. पुढे आपण त्याच्यावर जादा कलमं लावली, म्हणून २०११ मध्ये लिस्बनच्या न्यायालयानं त्याला भारताच्या हवाली करण्याची परवानगीच रद्द ठरवली, आणि आपल्याला काही कलमं मागे घ्यावी लागली. जुलै २०२२ मध्ये आपल्या सर्वोच्च न्यायालयानं सरकारला बजावलं की दिलेला शब्द पाळावाच लागेल. तुम्हाला हे कमीपणाचं वाटतं. मला नाही वाटत. राणासाठी अमेरिकेत उभं राहताना आपल्या शब्दावर विश्वास ठेवा असंच तर आपण म्हणत होतो.

मी बारा वर्षं न्यू जर्सीत आहे. तपासात अमेरिकेची खरंच मदत झाली का? — संगणक अभियंता, एडिसन

झाली, आणि तुमच्या राज्याचाही त्यात संबंध आहे. हल्लेखोरांना पाकिस्तानातून येणारे फोन न्यू जर्सीतल्या एका इंटरनेट फोन कंपनीमार्फत फिरवले जात होते. तिचे पैसे हल्ल्याच्या आदल्या दिवशी इटलीतल्या ब्रेशा शहरातून भरले गेले. हा माग तीन देशांच्या तपास यंत्रणांनी मिळून लावला. हल्लेखोरांच्या जीपीएस यंत्रांमधला सागरी मार्ग एफबीआयच्या तज्ज्ञांनी उलगडला आणि कसाबच्या खटल्यात त्यांनी साक्षही दिली. मेलेल्यांत सहा अमेरिकी होते. ती माणसं त्यांचीही होती, म्हणून त्यांनी मनापासून काम केलं, असं मला वाटतं.

तुम्ही तिथले मतदार झाला असाल तर एक करा. तुमच्या लोकप्रतिनिधीला पत्र लिहून विचारा, हेडलीबद्दल हल्ल्याआधी आलेल्या तक्रारींचं काय केलं गेलं? मसुदा मराठीत करून माझ्याकडे पाठवलात तर त्याचं इंग्रजी मी करून देईन.